‘अहंकार’, ‘ईगो’ आणि ‘अस्मिमान’

धम्मविषयक प्रवचनांतून व पुस्तिकांतून एक विधान वारंवार आढळते : फ्रॉइडने ज्यास ‘ईगो’ म्हटले, त्याच अहंकाराचा नाश करण्यास भगवान बुद्धांनी सांगितले. आधुनिक मानसशास्त्राशी धम्माची सांगड घालण्याचा हेतू स्तुत्य असला, तरी हे विधान आम्हांस मान्य होण्यासारखे नाही. एकाच शब्दाखाली येथे तीन भिन्न कल्पना एकत्र आल्या आहेत.

पहिली कल्पना सांख्यांची. ईश्वरकृष्णाच्या सांख्यकारिकेत अहंकार हे बुद्धीपासून उत्पन्न होणारे तत्त्व असून त्यापासून अकरा इंद्रिये व पाच तन्मात्रे निर्माण होतात. ही सृष्टिक्रमातील एक पायरी आहे. केवळ स्वभावदोष नव्हे. दुसरी कल्पना फ्रॉइडची. १९२३ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात त्याने योजलेला जर्मन शब्द अगदी साधा, रोजच्या बोलण्यातील ‘मी’ असा आहे. त्याच्या जागी लॅटिन ‘ईगो’ आणला तो इंग्रजी भाषांतरकारांनी. वासनांचा रेटा, नैतिक बंधने आणि बाह्य वास्तव यांत मेळ घालणे हे या ‘मी’चे कार्य. तो दुर्बळ झाल्यास मनुष्य मुक्त होत नाही, रुग्ण होतो. मराठी मानसशास्त्रात त्यासाठी ‘अहम्’ ही संज्ञा आहे. ती सोडून ‘अहंकार’ म्हणताच गर्वाची छटा येते आणि अर्थ बिघडतो.

तिसरी कल्पना पाली साहित्यातील. आणि तीही एकजिनसी नाही. संयुत्तनिकायातील खेमकसुत्त या दृष्टीने मननीय आहे. कोसंबी येथे आजारी असलेले खेमक थेर स्थविरांना सांगतात की, पाच उपादानस्कंधांपैकी कशासही आपण आत्मा मानीत नाही; तथापि त्या स्कंधांच्या ठायी ‘मी आहे’ ही जाणीव अद्याप गेलेली नाही. परिटाने खार व शेण लावून धुतलेले वस्त्र स्वच्छ होते, पण त्याला त्या द्रव्यांचा वास राहतो, असा दृष्टान्त ते देतात. आत्मविषयक मत ती ‘सक्कायदिट्ठि’. मागे उरलेला वास तो ‘अस्मिमान’. दहा संयोजनांत पहिले संयोजन सक्कायदिट्ठीचे, ते स्रोतापन्नाचे तुटते. मान आठवे आहे, ते अर्हतपदीच तुटते. दोहोंस ‘अहंकार’ म्हटल्याने मार्गाच्या आरंभाचे व अखेरचे कार्य एकच होऊन बसते.

याहून महत्त्वाचा मुद्दा ‘मान’ या शब्दाचा आहे. मराठीत मान म्हणजे आदर. पालीत तो क्लेश आहे. ‘मी श्रेष्ठ आहे’, ‘मी समान आहे’ आणि ‘मी हीन आहे’ असे त्याचे तीन प्रकार सांगितले आहेत. स्वतःस हीन लेखणे हादेखील मानच, कारण तेथेही ‘मी’ला केंद्रस्थानी ठेवून तुलना चाललेली असते. ‘अहंकार सोडा’ असा उपदेश मात्र बहुधा पहिल्या प्रकारापाशीच थांबतो, आणि तोही ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या मान खाली घालावयास लावले, त्यांनाच आधी ऐकविला जातो.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या चळवळीने स्वाभिमानास जे स्थान दिले, त्याचा अनात्मवादाशी विरोध आहे काय, असा प्रश्न विद्यार्थी विचारतात. आमच्या मते नाही. लादलेली हीनता नाकारणे म्हणजे हीनमानाचे मूळ उपटणे होय. मात्र तेथे थांबून श्रेष्ठत्वाचा डौल मिरविला, तर वस्त्राचा वास तसाच राहिला असे म्हणावे लागेल.

तुलनात्मक अभ्यास अवश्य व्हावा. परंतु ‘अहम्’, ‘सक्कायदिट्ठि’ व ‘अस्मिमान’ या संज्ञा मूळ रूपातच वापराव्यात. ‘अहंकार’ हा एकच शब्द तिन्हींचा भार वाहू शकत नाही.