एल्गरचं दुःख, जॅकलिनची विशी

इंग्रज संगीतकार एल्गरचा ई मायनर चेलो कॉन्चेर्टो सुरू होतो तो एकट्या चेलोवर. तारांवरून गज रेटून उठवलेले भरघोस स्वरमेळ, आणि मग धीर सुटावा तसे खाली खाली उतरणारे स्वर. चेलोवादक जॅकलिन दू प्रेने तो ऑगस्ट १९६५ मध्ये लंडनच्या किंग्जवे हॉलमध्ये ध्वनिमुद्रित केला, तेव्हा ती वीस वर्षांची होती. एल्गरने तो पहिलं महायुद्ध संपल्यावर, साठी उलटल्यावर, ससेक्समधल्या एका कॉटेजमध्ये लिहून पुरा केला होता.

सुरुवातीचे ते स्वरमेळ जॅकलिन अंगातली सगळी ताकद लावून वाजवते. वाद्याचं लाकूड कुरकुरेल की काय असं वाटतं. मग व्हायोला एक हेलकावणारी धून घेऊन येतात, खाली कुणाचाही आधार नसलेली. चेलो ती उचलतो, आणि जॅकलिन एका स्वरावरून दुसऱ्यावर बोट घासत नेते. आपल्या कानाला ती मींडच. पोचण्याआधी जरा रेंगाळते, पोचल्यावर स्वर फुलवते. पुढे चेलो तळापासून थेट शिखरापर्यंत चढत जातो आणि सगळा वाद्यवृंद उसळून तीच धून घेतो. दर वेळी इथे माझा श्वास अडकतो.

हे वाजवणं काहींना अति वाटलं. वाद्यवृंद चालवणाऱ्या जॉन बार्बिरोलींना मात्र वाटलं नाही. १९१९ साली या कृतीचा पहिला प्रयोग अपुऱ्या तालमींमुळे फसला, तेव्हा ते स्वतः वाद्यवृंदात चेलो वाजवत होते. तरुणपणी सगळं जास्तच असावं, नाहीतर पुढे छाटायचं काय, असं ते म्हणत.

छाटायला तिला वर्षं मिळाली नाहीत. फेब्रुवारी १९७३ मध्ये लंडनला तिने हाच कॉन्चेर्टो वाजवला, वाद्यवृंद चालवत होते आपले मुंबईचे झुबिन मेहता. बोटांची संवेदना तोवर जात चालली होती. त्याच वर्षी मल्टिपल स्क्लेरोसिसचं निदान झालं. १९८७ मध्ये ती गेली, बेचाळिसाव्या वर्षी.

म्हणून १९६५ च्या या मुद्रणात लोक तिच्या आजाराची चाहूल शोधतात. मला ते मुळीच पटत नाही. दुःख आहे ते एल्गरचं. तिचा आहे तो धडधाकट हात, आणि दुसऱ्याचं दुःख हातचं न राखता आपलंसं करण्याची भूक. दुसऱ्या भागात गज झरझर नाचतो, तिथे तर ती चक्क खेळते आहे. शेवटच्या भागात वेग ओसरतो, संथ तिसऱ्या भागाची धून क्षणभर परत येते, आणि तिच्या पाठोपाठ ते पहिले स्वरमेळ. ती ते पुन्हा तितक्याच जोराने वाजवते, विशीतल्या खांद्यांनी.