‘क्लोज-अप’ : तोतया, कॅमेरा आणि अस्मितेचा प्रश्न

इराणी दिग्दर्शक अब्बास किआरोस्तामी यांच्या ‘क्लोज-अप’ (१९९०) या चित्रपटाची चर्चा बहुधा माहितीपट आणि कथापट यांच्या मिश्रणाचा नमुना म्हणून होते. हे मिश्रण कशासाठी, हा प्रश्न मात्र त्या चर्चेत मागे पडतो.

होसेन सब्झियान या तेहरानमधील गरीब, चित्रपटवेड्या माणसाने बसमध्ये भेटलेल्या एका गृहिणीला आपण प्रसिद्ध दिग्दर्शक मोहसेन मखमलबाफ असल्याचे सांगितले. हातात मखमलबाफ यांच्याच ‘सायकलिस्ट’ची पटकथा होती. त्या कुटुंबात त्याचे जाणे-येणे सुरू झाले, त्यांना घेऊन चित्रपट काढण्याचे बेत झाले आणि अखेर फसवणुकीच्या आरोपावरून त्याला अटक झाली. ‘सोरूश’ साप्ताहिकातील वृत्तान्त वाचून किआरोस्तामी यांनी न्यायालयात कॅमेरा नेला व आधीच्या घटना त्याच व्यक्तींकडून पुन्हा करवून घेतल्या. फसलेले कुटुंब येथे फसण्याचा अभिनय करते, तर सब्झियान सब्झियानचीच भूमिका करतो!

त्याने उसनी घेतलेली रक्कम किरकोळ होती. त्याला हवा होता तो मान. मखमलबाफ म्हणून वावरताना लोक आपले ऐकत, असे तो न्यायालयात सांगतो. किआरोस्तामी यांच्याच ‘द ट्रॅव्हलर’ (१९७४) मधील मुलाशी तो स्वतःची तुलना करतो. तो मुलगा फुटबॉलचा सामना पाहण्यासाठी रिकाम्या कॅमेऱ्याने छायाचित्रे काढल्याचे सोंग करून पैसे जमवतो. फसवणुकीचे साधन तेथेही कॅमेराच आहे, आणि दाखला देणारा आरोपी दिग्दर्शकासमोरच बसलेला आहे.

मग किआरोस्तामी यांचा कॅमेरा तरी निर्दोष मानावा काय? खटल्यातील संवादांचा बराच भाग न्यायाधीशांच्या अनुपस्थितीत चित्रित झाल्याचे त्यांनीच मुलाखतींतून सांगितले आहे. शेवटी खरे मखमलबाफ सब्झियानला भेटतात, तो रडू लागतो, दोघे मोटारसायकलवरून जातात आणि ध्वनी तुटत राहतो. दोष यंत्राचा असल्याचे भासवले जाते. प्रत्यक्षात तो दिग्दर्शकाचा निर्णय होता. तांत्रिक अर्थाने हीही लबाडीच. परंतु सब्झियानच्या लबाडीने एक घर दुखावले, तर या लबाडीने त्याचे खासगी बोलणे प्रेक्षकांच्या कुतूहलापासून वाचवले. हा भेद मान्य केला तर ध्वनिखंड समर्थनीय ठरतो. न्यायाधीशांच्या गैरहजेरीतील प्रश्नोत्तरांना मात्र हे समर्थन सहजासहजी लागू पडत नाही. न्यायासनाची अधिकारवाणी तेथे दिग्दर्शकाने, प्रेक्षकांना न सांगता, उसनी घेतलेली आहे.

कुटुंबाच्या वाट्याला चित्रपट त्या मानाने कमी येतो. अभियांत्रिकीचे शिक्षण घेऊन बेकार असलेल्या मुलालाही चित्रपटाची ओढ आहे; सब्झियानच्या थापा त्यामुळेच त्या घरात रुजल्या. न्यायालयात एका कॅमेऱ्याची निकट भिंग आरोपीसाठी राखून ठेवली होती. या मुलाच्या चेहऱ्यासाठी तशी कोणी राखली नाही.