कल्पित भाषांचा काळ आणि ‘परवा’

टोल्किनच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधील (1954-55) दीर्घायुषी एन्टांच्या भाषेत वस्तूचे नाव म्हणजे तिचा वाढत जाणारा इतिहासच असतो. टेड चियांगच्या ‘स्टोरी ऑफ युअर लाइफ’मधील (1998) परग्रहवासी सबंध वाक्य आधीच जाणून पहिली रेघ ओढतात. जसा काळबोध तशी भाषा, हे समीकरण दोन्हीकडे गृहीत आहे. ते जिवंत भाषेत टिकत नाही. मराठीतील ‘परवा’ मागच्या दिवसाचा वाचक आहे, तसाच पुढच्याही. हिंदीतील ‘कल’ तर लगतच्या दोन्ही दिवसांचा. तरी भाईंदरच्या बाजारात उधारीचा वायदा चुकतो तो शब्दामुळे नव्हे (त्याची कारणे निराळी असतात). ‘परवा दिले’ आणि ‘परवा देईन’ यांतील भेद क्रियापद सांभाळते. त्याच शहरातील उत्तनच्या मच्छीमारांना मात्र तिथीगणिक उधाण आणि भांग ओळखावेच लागतात, कारण जाळे केव्हा टाकायचे हे त्यावर ठरते. तिथे काळ शब्दांत उतरला तो श्रमांमुळे. चियांगची नायिका ती लिपी शिकताना बदलत जाते. शिकण्याचे हे श्रम कथेत दिसतात. एन्टांची भाषा बव्हंशी वर्णनातच राहते. तिचे क्रियापद वाचकाच्या हाती लागत नाही.