चित्रपट शिकविण्याचीं पुस्तकें व प्रतींचा प्रश्न

चित्रपटाच्या अध्ययनासाठीं लिहिलेल्या पुस्तकांचें परीक्षण या त्रैमासिकांत पाहून कांहीं वाचकांस नवल वाटेल. बखरी, शकावल्या व दप्तरें यांत रमणाऱ्या मंडळींस पडद्यावरील चित्रांशीं काय कर्तव्य, असा प्रश्न उद्भवणें साहजिक आहे. आम्ही या विषयाकडे वळलों तें स्वतःच्या एका चुकीमुळें. ती प्रथम सांगून टाकणें बरें.

शाळेंत संस्कृत शिकवीत असतां आम्ही दरवर्षीं एकदां मुलांस दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' या चित्रपटाचा उपलब्ध भाग दाखवीत असूं, आणि ३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन नाट्यगृहांत लोकांनीं जें पाहिलें तेंच तुम्ही पाहत आहां, असें सांगत असूं. आम्ही निवृत्त झाल्यावर एक जुना विद्यार्थी भेटावयास आला व म्हणाला, "सर, ही प्रत १९१३ चीच कशावरून?" फाळक्यांनीं हेंच कथानक १९१७ सालीं 'सत्यवादी राजा हरिश्चंद्र' या नांवानें पुन्हां चित्रित केलें होतें. मूळ चित्रपट चार रिळांचा, सुमारें ३,७०० फूट लांबीचा. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयांत त्यांतील म्हणून जतन झालेलीं रिळें दोन, पहिलें व शेवटचें. आणि तींहि १९१७ च्या चित्रपटाचीं असावीत असें कांहीं संशोधकांचें मत आहे. आम्हांस उत्तर देतां आलें नाहीं. रघुवंशाच्या प्रत्येक श्लोकाखालील पाठभेद मुलांस वाचावयास लावणाऱ्या शिक्षकानें चित्रपटाची प्रत मात्र न विचारतां स्वीकारली होती. ही चूक आमची एकट्याची कीं आम्ही वापरलेल्या पुस्तकांचीहि, हें पाहण्यासाठीं आम्हीं तीन ग्रंथ पुन्हां वाचले.

पहिला ग्रंथ डेव्हिड बोर्डवेल व क्रिस्टिन टॉम्पसन यांचा 'फिल्म आर्ट'. १९७९ सालीं प्रथम प्रसिद्ध झालेल्या या पाठ्यपुस्तकाच्या पुढें अनेक आवृत्त्या निघाल्या. कथनाची रचना, दृश्याची मांडणी, छायाचित्रण, संकलन व ध्वनि या क्रमानें तें विद्यार्थ्यास पाहावयास शिकवितें. यांतील एक गुण आमच्या वाचकांस विशेष रुचेल. जाहिरातीसाठीं निराळीं काढलेलीं छायाचित्रें छापून भागविण्याऐवजीं ग्रंथकारांनीं प्रत्यक्ष फितीवरील चौकटी उतरवून घेण्यावर भर दिला आहे. शिलालेखाचें वर्णन छापणें आणि त्याचा ठसा छापणें यांत जो फरक, तोच येथें आहे. दूरदर्शनाच्या पडद्यावर मूळ चौकट कशी कापली जाते याविषयींहि ते सावध करतात. परंतु ग्रंथाची मुख्य बैठक अशी कीं, चित्रपट हा सिद्ध होऊन आपल्यासमोर आलेला आहे व आपण त्याचा अर्थ लावावयाचा आहे. ती वस्तु कोणत्या हातांतून, कोणत्या छाटणींतून येथवर आली, हा प्रश्न मागें राहतो.

हा प्रश्न गौण नाहीं. फ्रिट्झ लांगचा 'मेट्रोपोलिस' जानेवारी १९२७ त बर्लिन येथें प्रथम दाखविला गेला आणि थोड्याच काळांत त्याची मोठी छाटणी झाली. पुढें २००८ सालीं अर्जेंटिनांतील ब्युनोस आयर्स येथील संग्रहालयांत एक जवळजवळ पूर्ण, पण फार झिजलेली प्रत सांपडली. तींतून सुमारें २५ मिनिटांचा भाग परत मिळाला व जोडलेला चित्रपट २०१० सालीं पुन्हां बर्लिन येथें दाखविण्यांत आला. त्या शोधापूर्वीं या चित्रपटाच्या रचनेविषयीं जें जें लिहिलें गेलें, तें खंडित प्रतीवरून लिहिलें गेलें. दूर देशीं गेलेल्या शाखेंत मूळचा पाठ टिकून राहावा, हा अनुभव पोथ्यांच्या अभ्यासकांस नवा नाहीं.

दुसरा ग्रंथ एरिक बार्नो व एस. कृष्णस्वामी यांचा 'इंडियन फिल्म' (१९६३). भारतीय चित्रपटाचा इतिहास शिकविणाऱ्यास तो टाळतां येत नाहीं. जुन्या काळचीं माणसें हयात असतां ग्रंथकारांनीं त्यांस गांठलें, आणि १९२७-२८ च्या सरकारी चौकशी समितीच्या कागदांचा चांगला उपयोग केला. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना फेब्रुवारी १९६४ त, म्हणजे ग्रंथ निघाल्यानंतर झाली. तेव्हां मूकपटांच्या प्रती धुंडाळून त्या ताडून पाहण्याची सोय त्यांस नव्हती, याचा दोष त्यांस देणें अन्यायाचें होईल. मात्र आजच्या वाचकानें प्रत्येक विधानाशीं थांबून, हें पाहिलेलें आहे, वाचलेलें आहे, कीं ऐकलेलें आहे, असें विचारावें. बखर वाचतांना आपण हेंच करतों.

तिसरा ग्रंथ पाओलो केर्की उसाई यांचा 'बर्निंग पॅशन्स' (१९९४). मूकपटांच्या अध्ययनाची ही प्रवेशिका पुढें विस्तारून नव्या नांवांनीं निघाली. ग्रंथकार स्वतः संग्रहपाल. त्यामुळें त्यांची दृष्टि आपल्या वाचकांस घरची वाटेल. चित्रपटाची प्रत्येक प्रत हा स्वतंत्र इतिहास असलेला पदार्थ आहे, हें त्यांचें प्रतिपादन. फितीचें द्रव्य कोणतें, रंग कसा चढविला, कडेचीं छिद्रें कशीं आहेत, हें पाहावयास ते शिकवितात. ईस्टमन कोडॅक कंपनी १९१६ पासून फितीच्या कडेस वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशीं वर्षदर्शक चिन्हें छापीत असे. त्यांवरून कोऱ्या फितीचें वर्ष काढतां येतें. कागदाच्या जलचिन्हावरून आपण हेंच करतों. येथें सावधगिरी हवी ती अशी कीं, एका फितीवरून दुसरी उतरवितांना जुनें चिन्हहि नव्या प्रतीवर उमटूं शकतें. आदर्श प्रतीची पुष्पिका तिच्या जुन्या शकासह नकलून टाकणारा लेखक ज्यांस भेटला आहे, त्यांस ही अडचण समजावून सांगावी लागणार नाहीं.

यावर असा आक्षेप येईल कीं, नवशिक्या विद्यार्थ्यावर प्रतींचें ओझें कशास? आक्षेपांत तथ्य आहे. मुलास मेघदूत प्रथम शिकवितांना आपणहि पाठभेदांनीं आरंभ करीत नाहीं. पण छापील पानाखालीं ते असतात, आणि शिक्षकास ते ठाऊक असावे लागतात. 'पथेर पांचाली' (१९५५) हा आपल्याकडे फार शिकविला जाणारा चित्रपट. त्याची मूळ निगेटिव्ह १९९३ सालीं लंडनमधील प्रयोगशाळेच्या आगींत होरपळली; २०१५ सालीं पुढें आलेली प्रत तिच्या वांचलेल्या भागांस इतर प्रतींचे भाग जोडून सिद्ध केलेली आहे. काम उत्तम झालें आहे. तरी तो एक संपादित पाठ आहे, आणि विद्यार्थ्यास तें सांगितलें पाहिजे. भांडारकर संस्थेनें १९१९ त हातीं घेतलेली महाभारताची चिकित्सित आवृत्ति १९६६ त पुरी झाली. तींत कोणता पाठ कोठून घेतला याचा हिशेब प्रत्येक पानावर आहे. चित्रपटाच्या पाठ्यपुस्तकांत निदान प्रत कोठली, लांबी किती फूट, आणि सांधे कोठें, एवढ्या तीन ओळी असाव्यात. फूट म्हणण्याचें कारण, मूकपट फिरविण्याचा वेग एकसारखा नसे. मिनिटांचा आंकडा फसवा ठरतो.

मराठींत असें पुस्तक लिहावयाचें तर साधनें आमच्या वाचकांच्या घरीं आहेत. १९१७-१८ त फाळक्यांनीं 'नवयुग' मासिकांत 'भारतीय चित्रपट' या विषयावर लेख लिहिले; त्यांचे मूळ अंक जपावे. 'आलम आरा' १४ मार्च १९३१ रोजीं मुंबईंत लागला. त्याची एकहि प्रत आज ज्ञात नाहीं, पण त्याची छापील पुस्तिका उरली आहे. चित्रपटगृहाबाहेर विकल्या जाणाऱ्या गाण्यांच्या चोपड्या व हस्तपत्रकें ज्यांच्या पेटाऱ्यांत असतील, त्यांनीं छापखान्याचें नांव, तारीख व पृष्ठसंख्या टिपून मंडळाकडे यादी पाठवावी. फितीचीं जुनीं रिळें मात्र कागदांजवळ ठेवूं नयेत. १९५० च्या सुमारापर्यंतची नायट्रेटची फीत आपोआप कुजते व क्षणांत पेटते. २००३ सालीं पुण्यांत अशा रिळांचा मोठा सांठा आगींत नष्ट झाला. तीं रिळें राष्ट्रीय संग्रहालयाकडे सोंपवावीं.

आमच्या त्या विद्यार्थ्यास आम्हीं नंतर पत्र लिहिलें, आणि 'ही प्रत कोणत्या वर्षाची हें निश्चित नाहीं. दोन्ही पक्ष असे असे आहेत' एवढेंच कळविलें. वर्गांत दरवर्षीं हेंच वाक्य सांगितलें असतें तर अधिक बरें झालें असतें.