मिथ्रिलचा भाव आणि खणणाऱ्याचं नाव

परीकथेतल्या धातूवर टीकालेख कशाला, असं काही दोस्त म्हणतील. जो धातू जगाच्या पाठीवर कुठंच नाही, त्याच्याशी आपलं काय भांडण? माझं म्हणणं उलट आहे. लेखक अख्खं जगच मनानं रचतो तेव्हा त्याला कुणाची आडकाठी नसते. डोंगर, नद्या, भाषा, राजांच्या वंशावळी, सगळं त्याच्या मर्जीनं. मग एवढ्या मोकळ्या जगातसुद्धा राबणारा बिननावाचाच का राहतो? हे विचारलंच पाहिजे.

जे. आर. आर. टॉल्किन हा ऑक्सफर्डचा प्राध्यापक. त्याची 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' १९५४-५५ साली तीन भागांत आली. डिक्शनरी उशाशी ठेवून मी ती वाचली. तिच्यात मिथ्रिल नावाचा धातू आहे. ठोकावा तसा वाकतो, घासला की आरशासारखा होतो, पोलादाहून टणक आणि वजनाला हलका. दिसतो चांदीसारखा, पण काळा पडत नाही. मोरिया नावाच्या डोंगराखालच्या खाणीत तो निघायचा. खणायची ती बुटक्यांची जमात.

या धातूची माहिती आपल्याला गॅन्डाल्फ हा जादूगार देतो. पहिली गोष्ट सांगतो ती भावाची. एके काळी सोन्याच्या दहापट. पुढं खाण ओस पडली, तेव्हा किंमतच करता येईना. बिल्बो या हॉबिटला भेट मिळालेलं मिथ्रिलचं चिलखत त्याच्या अख्ख्या शायर मुलखाहून महाग, असंही तो सांगतो. मुलूख म्हणजे काय? शेतं, पिठाची गिरणी, गुत्ते आणि सॅमसारख्या माळ्यांचा जन्मभराचा घाम. ते सगळं एका पारड्यात, दुसऱ्या पारड्यात एक सदरा. तो सदराही घडवला होता एका एल्फ राजपुत्राच्या मापानं.

भाव झाला. आता दोष कुणाचा ते बघा. गॅन्डाल्फच्या मते बुटक्यांनी हावेपोटी नको तेवढं खोल खणलं. खाली दडलेला बॅलरॉग, आग आणि सावलीचा राक्षस, जागा झाला. कथेतल्या तिसऱ्या युगाच्या १९८० साली त्यानं राजा ड्यूरिन सहावा याला मारलं, दुसऱ्या वर्षी त्याच्या मुलाला. उरलेले पळाले, मोरिया ओस पडली.

पण त्याच बोलण्यात गॅन्डाल्फ कबूल करतो की मिथ्रिल सगळ्यांनाच हवं होतं. एल्फ लोकांचा त्याच्यावर विशेष जीव. चांदण्यातच दिसणारी अक्षरं दारावर कोरायला ते त्याचीच इथिल्डिन करायचे. अंधाराचा मालक सौरॉन याला ते हवं, म्हणून ऑर्क त्याला ते खंडणी म्हणून देतात. मग हावेचा डाग एकट्या खणणाऱ्याच्याच कपाळी का? एल्फनं वापरलं की कला, आणि बुटक्यानं खणलं की हाव! गिऱ्हाईक मात्र स्वच्छ राहतं.

हे आपोआप झालेलं नाही. लेखकाच्या मृत्यूनंतर १९७७ साली 'द सिल्मारिलियन' निघालं. त्यात बुटक्यांची उत्पत्ती आहे. आउले नावाच्या कारागीर देवानं त्यांना परवानगीशिवाय घडवलं. परमेश्वरानं त्यांना पदरात घेतलं खरं, पण अट घातली: आधी एल्फ जागे होतील, तोवर तुम्ही दगडाखाली झोपा. म्हणजे जन्माआधीच रांग लागलेली, आणि कोण मागं तेही ठरलेलं. जन्मावरून पायरी ठरवायची ही रीत आपल्याला कुणी समजावून सांगायला नको.

तरी एक गोष्ट सरळ सांगितली पाहिजे. बुटके गुलाम नव्हते. खाण त्यांची, राज्य त्यांचं, दौलत त्यांची. त्यांना सरसकट मजूर ठरवून हातात झेंडा देणं हा भाबडेपणा होईल. पण त्या दौलतीतही राजा वेगळा आणि कुदळ मारणारा वेगळा असणारच. पुस्तकात राजांची नावं आहेत, तलवारींना नावं आहेत, सामान वाहणाऱ्या तट्टालासुद्धा बिल हे नाव आहे. मिथ्रिलची पहिली शीर ज्यानं फोडली, त्याचं नाव नाही.

आणि खोली कोण ठरवतं? कोलारची सोन्याची खाण तीन किलोमीटरच्याही खाली गेली होती. २००१ साली ती बंद पडली. तिथं उतरणाऱ्यांत तमिळ दलित मोठ्या संख्येनं होते. दाबानं खडक फुटायचा, माणसं गाडली जायची. तो त्यांचा बॅलरॉग. ते खाली गेले ते हावेनं नव्हे, पगारासाठी. किती खाली जायचं ते वर ऑफिसात ठरायचं. मी सूतगिरणीत रिंग खात्यात आहे. कुठला काउंट काढायचा ते मला कुणी विचारत नाही. सूत तुटलं की मात्र मेमोवर नाव माझंच.

टॉल्किनला हे अजिबात दिसलं नव्हतं, असंही नाही. दुसऱ्या भागात गिमली हा बुटका एक गुहा बघून येतो आणि आपल्या एल्फ मित्राला तिचं वर्णन सांगतो. मित्र चिडवतो की तुझे भाऊबंद आले तर सगळं खणून नेतील. गिमली दुखावतो. म्हणतो, सोनं-हिरे सापडले तरी आमची माणसं तिथं खाण करणार नाहीत. फुलझाडांसारखी ती जपतील, दिवसभरात जपून एखादीच कपची काढतील. एल्फला आपलं बोलणं मागं घ्यावं लागतं. माझ्या मते गॅन्डाल्फच्या आरोपाला हे उत्तर आहे, आणि ते खणणाऱ्याच्या तोंडून आलेलं आहे. पण वाचक गॅन्डाल्फचंच वाक्य लक्षात ठेवतात. कारण तो शहाणा, आणि शहाण्याचं बोलणं म्हणजे निकाल.

२०२२ साली याच जगावर 'द रिंग्ज ऑफ पॉवर' ही मालिका आली. तिच्यात तर मिथ्रिल मिळालं नाही तर एल्फ संपतील, असं दाखवलंय. म्हणजे वरच्यांचा जीवच खालच्यांच्या खणण्यावर लटकलेला. मालिकावाल्यांनी मूळ कथेत हे घुसडलं म्हणून रसिक चिडले. मला वाटतं, नकळत का होईना, खरं हिशेबाचं पान तिथंच उघडलं.

म्हणून लिहिणाऱ्या दोस्तांना एवढंच सांगणं. असली पुस्तकं परकी म्हणून फेकू नका, आणि भक्तासारखी वाचूही नका. जादूची वस्तू दिसली की तीन प्रश्न विचारा: कुणी काढली, कुणी वापरली, आणि शेवटी दोष कुणाच्या माथी मारला? आणि उद्या तुम्ही स्वतःचं जग रचाल तेव्हा राजाच्या वंशावळीआधी पहिली कुदळ मारणाऱ्याचं नाव लिहा.