नसलेल्या चित्रांचा सिनेमा

एक माणूस रिकाम्या खोलीच्या दाराशी येतो. नसलेलं कुलूप उघडतो, आत जातो, नसलेल्या कैद्यांच्या बेड्या ओढून पाहतो. एकावर खेकसतो, दुसऱ्याला पाणी देतो, बाहेर येऊन पुन्हा कुलूप घालतो. खोलीत कुणीही नाही. पंचवीसेक वर्षांपूर्वी, अगदी कोवळ्या वयात, तो याच इमारतीत पहारेकरी होता. बोलताना अडखळणारा हा माणूस हालचाली मात्र न अडखळता करतो. शरीर काहीच विसरलेलं नाही. कॅमेरा त्याच्याबरोबर दारापर्यंत येतो आणि उंबरठ्यावर थांबतो. आत फरशीवर माणसं निजवलेली असायची. ती आता नसली, तरी त्यांना तुडवत पुढे जायचं नाही.

रिथी पान्ह यांच्या २००३ सालच्या ‘एस-२१’ या माहितीपटातलं हे दृश्य. कंबोडियाच्या सिनेमानं नरसंहाराविषयी जे काही कमावलं, ते या उंबरठ्यावर थांबण्यात आहे, असं मला वाटतं. काय दाखवायचं यापेक्षा काय दाखवायचं नाही, हे ठरवताना या सिनेमाला स्वतःची भाषा सापडली. ती भाषा कुठवर पोचली, कुठे अडली आणि नव्या पिढीनं तिचं काय केलं, हे पाहण्यासाठी हा लेख.

१७ एप्रिल १९७५ रोजी ख्मेर रूज या कम्युनिस्ट संघटनेचे सैनिक राजधानी नॉम पेन्हमध्ये शिरले आणि काही दिवसांत सगळं शहर रिकामं केलं गेलं. इस्पितळांतले रुग्णही सुटले नाहीत. ७ जानेवारी १९७९ला व्हिएतनामी फौजांनी राजधानी घेईपर्यंतची तीन वर्षं, आठ महिने आणि वीस दिवस हा हिशोब कंबोडियातली माणसं आजही बोटांवर सांगतात. या काळात उपासमार, वेठबिगार, रोगराई आणि कत्तल यांत सुमारे १७ ते २० लाख माणसं गेली, म्हणजे देशातल्या जवळपास चौघांतलं एक. सत्ता स्वतःला ‘अंगकार’, म्हणजे नुसतं ‘संघटना’ म्हणवून घेत असे. तिच्या शब्दकोशात एक क्रियापद होतं: ‘कामतेच’. मारणं आणि मारल्याची खूणही पुसून टाकणं, हे दोन्ही अर्थ त्यात एकवटले आहेत. या सिनेमाचं भांडण मुख्यतः त्या दुसऱ्या अर्थाशी आहे.

पुसलं गेलेलं काही थोडं नव्हतं. १९६० ते १९७५ या पंधरा वर्षांत कंबोडियात सुमारे चारशे चित्रपट निघाले होते. देवादिकांच्या कथा, नागकन्या, प्रेमकहाण्या, अश्रू आणि गाणी यांनी नॉम पेन्हची चित्रपटगृहं भरून जात. राजे नोरोदोम सिहानूक स्वतः दिग्दर्शन करत. तिया लिम कुन यांचा ‘नागपुरुष’ १९७० साली लोकांनी डोक्यावर घेतला. त्या चारशेपैकी आज जेमतेम तीसेक उरले आहेत. दिग्दर्शक, नट, तंत्रज्ञ, गायक यांतले बहुतेक मारले गेले किंवा परागंदा झाले. म्हणून १९७९नंतर कॅमेरा हाती घेणाऱ्यासमोर दोन पोकळ्या होत्या. अत्याचाराचं चित्रण जवळपास नव्हतं, आणि अत्याचारापूर्वीचं जगही पडद्यावरून नाहीसं झालं होतं.

पहिली पोकळी आधी बाहेरच्यांनी भरली. रोलंड जॉफी यांच्या ‘द किलिंग फील्ड्स’नं (१९८४) जगाला कंबोडियाची ओळख करून दिली, हे नाकारता येत नाही. त्याचं चित्रीकरण थायलंडमध्ये झालं. अमेरिकन पत्रकाराचे कंबोडियन सहकारी दिथ प्रान यांची भूमिका करणारे हाइंग न्गोर पेशानं डॉक्टर आणि त्या छळातून स्वतः वाचलेले. आधी कधीही अभिनय न केलेल्या या माणसाला ऑस्कर मिळालं. आजही तो चित्रपट पाहताना नजर खिळते ती त्यांच्या चेहऱ्यावर. मात्र कथेचा कणा अमेरिकन पत्रकाराच्या अपराधी भावनेचा आहे. ख्मेर माणसाचं जगणं तिथे दुसऱ्याच्या सुटकेसाठी, मनाच्या सुटकेसाठीसुद्धा, राबवलं जातं. मैत्री खरी असली तरी कॅमेरा पाहुणाच राहतो.

रिथी पान्ह १९६४ साली नॉम पेन्हमध्ये जन्मले. अकराव्या वर्षी घर सुटलं. मग आईवडील आणि जवळची कितीतरी माणसं गेली. शिक्षण खात्यात काम केलेल्या वडिलांनी, हे माणसाचं अन्न नाही, असं म्हणून खाणं सोडलं आणि प्राण सोडला. मुलगा थायलंडच्या छावणीमार्गे फ्रान्सला पोचला आणि तिथे सिनेमा शिकला. पहिला माहितीपट ‘साइट २’ (१९८९) निर्वासितांच्या छावणीवर. १९९४चा ‘भातशेतीची माणसं’ हा कथापट कान महोत्सवाच्या स्पर्धेत गेला. २०००च्या माहितीपटात त्यांनी देशभर ऑप्टिकल फायबरची केबल पुरण्यासाठी चर खणणाऱ्या मजुरांचा माग काढला. कुदळीखाली सुरुंग निघतात, हाडं निघतात, आणि मजुरी मात्र वेळेवर हाती पडत नाही. मला हा त्यांचा सर्वांत कमी चर्चिलेला आणि सर्वांत सखोल चित्रपट वाटतो. जगाशी जोडणारी तार ज्या जमिनीतून जाते, त्या जमिनीत काय आहे, हे इथे भाष्याविना, नुसत्या घामातून कळतं.

‘एस-२१’ घडतो तो तुओल स्लेंगमध्ये. नॉम पेन्हमधली ही एक माध्यमिक शाळा. ‘एस-२१’ या सांकेतिक नावाच्या तुरुंगासाठी वर्गांच्या कोठड्या झाल्या आणि १२ हजारांहून जास्त माणसं तिथून मृत्यूकडे गेली. वाचलेले बोटांवर मोजण्याइतके. त्यांतले एक चित्रकार वान नाथ. ख्मेर रूजचा म्होरक्या पॉल पॉट याची चित्रं काढून घेण्यासाठी त्यांना जिवंत ठेवलं होतं. सुटल्यावर त्यांनी जे पाहिलं तेच आयुष्यभर रंगवलं. चित्रपटात ते जुन्या पहारेकऱ्यांना आपल्या चित्रासमोर उभं करून विचारतात, तेव्हा आवाज चढत नाही. पहारेकरी म्हणतात, आम्हीही बळीच. वान नाथ शांतपणे विचारतात: तुम्ही बळी, तर मग आम्ही कोण? या एका प्रश्नासमोर बचावाची सारी भाषा ढासळते.

दहा वर्षांनी ‘हरवलेलं चित्र’ (२०१३) आला. पान्ह यांना आपल्या बालपणाचं एक चित्र हवं होतं आणि सापडत होते ते फक्त ख्मेर रूजनं प्रचारासाठी काढलेले तुकडे: मुंग्यांसारखी माती वाहणारी माणसं आणि हसरे पुढारी. तेव्हा त्यांनी मातीच्या छोट्या बाहुल्या घडवून घेतल्या आणि आपलं कुटुंब, गल्ली, छावणी, उपासमार सगळं त्यांतून मांडलं. बाहुल्या हलत नाहीत. ज्या जमिनीनं माणसं गिळली तिचीच ही माणसं. रंगीत सदरा घातलेला एक मुलगा काळ्या कपड्यांच्या गर्दीत उभा राहतो आणि घशात आवंढा येतो. या चित्रपटाला कानमध्ये ‘अन सर्टन रिगार्ड’ विभागाचं पारितोषिक मिळालं आणि ऑस्करचं नामांकनही. त्याचं खरं यश मी वेगळं मानतो. नटांना उपाशी दाखवण्यातला खोटेपणा त्यानं टाळला आणि तरीही भूक दाखवली.

याच वाटेवर पुढे ‘नाव नसलेल्या कबरी’ (२०१८) लागतो. पान्ह यात भिक्खूंकडून मुंडण करून घेतात आणि ज्यांचे अंत्यविधी झाले नाहीत अशा आपल्या माणसांचा शोध घेत जुन्या गावी फिरतात. मराठी प्रेक्षकाला इथे फार समजावून सांगावं लागत नाही. कंबोडियात आपल्या पितृपक्षाच्याच सुमारास, भाद्रपदात, ‘प्चुम बेन’चा पंधरवडा येतो, पहाटेच्या अंधारात देवळाभोवती भाताचे गोळे ठेवले जातात, टाकले जातात. ‘बेन’ म्हणजे आपला ‘पिंड’. सोय नसलेल्या आत्म्यांनाही तो घास पोचावा, अशी श्रद्धा. ज्याचं गाव माहीत नाही, तिथी माहीत नाही, देह माहीत नाही, त्याला पिंड कुठे ठेवायचा? या प्रश्नावर पान्ह यांचा सगळा सिनेमा उभा आहे, आणि तो इथे पहिल्यांदा उघडपणे विचारला जातो.

पण एवढ्या थोर कामालाही मर्यादा आहेत. ‘दुच’ (२०११) या चित्रपटात एस-२१ तुरुंगाचा प्रमुख जवळजवळ एकटाच बोलतो. कागद चाळतो, अवतरणं देतो, हसतो. ‘एस-२१’मधला वान नाथ यांचा खुर्चीवर बसलेला देह इथे नाही, म्हणून तोल जातो, माणूस आपल्या शब्दांच्या तटबंदीत सुखानं राहतो. थेट सांबाथ आणि रॉब लेमकिन यांच्या ‘लोकांचे शत्रू’मध्ये (२००९) हा धोका टळला, कारण तिथे प्रश्न विचारणारा स्वतः घरचे गमावलेला पत्रकार आहे आणि तो वर्षानुवर्षं ख्मेर रूजचा बडा नेता नुओन चिआ याच्यासमोर बसतो, आपलं दुःख मात्र फार उशिरा सांगतो. त्या थांबण्यातच चित्रपटाचा श्वास आहे. एकूणात मात्र या सिनेमानं मारेकऱ्यांना बोलतं करण्यावर खूप वेळ घालवला.

त्या मानानं काही लोक कडेलाच राहिले. संयुक्त राष्ट्रसंघाच्या मदतीनं उभ्या राहिलेल्या न्यायालयानं एकंदर तिघांना दोषी ठरवलं, आणि शेवटचा अपील-निकाल २२ सप्टेंबर २०२२ला आला. २०१८च्या निकालात वंशसंहाराचा दोष सिद्ध झाला तो चाम मुसलमान आणि व्हिएतनामी वंशाच्या लोकांबाबत. ख्मेरांनी ख्मेरांना मारलं ते कायद्याच्या व्याख्येत मानवतेविरुद्धचे गुन्हे ठरलं. ज्यांच्या बाबतीत ‘वंशसंहार’ हा शब्द न्यायालयात टिकला, त्यांनाच या सिनेमात सर्वांत कमी जागा आहे. सक्तीच्या लग्नांचंही तसंच. अंगकारनं अनोळखी स्त्री-पुरुषांची सामूहिक लग्नं लावली. लिदा चान आणि गियोम सुओन यांचा ‘लाल लग्न’ (२०१२) हा त्यावरचा मोलाचा माहितीपट. त्यातली बाई सोळाव्या वर्षी एका सैनिकाच्या गळ्यात बांधली गेली. भात लावता लावता ती जे सांगते, ते सांगायला तिला तीस वर्षं लागली. असे आणखी चित्रपट हवे होते.

परदेशी पैशांचा प्रश्नही टाळता येत नाही. यांतले बहुतेक चित्रपट फ्रेंच मदतीनं झाले. ‘हरवलेलं चित्र’चं मूळ निवेदन फ्रेंच आहे. हे चित्रपट महोत्सवांत गाजतात. नॉम पेन्हच्या मल्टिप्लेक्समध्ये मात्र तरुण गर्दी भयपट आणि प्रेमकथा पाहते. अँजेलिना जोली यांचा ‘आधी त्यांनी माझ्या वडिलांना मारलं’ (२०१७) ख्मेर भाषेत, कंबोडियात, तिथल्याच कलाकारांना घेऊन झाला. मुलीच्या डोळ्यांच्या उंचीवर कॅमेरा ठेवण्याचा त्याचा निश्चय शेवटपर्यंत टिकतो. तरी त्यातल्या देखण्या प्रकाशात उपासमार थोडी सुंदर दिसते, ही माझी तक्रार आहे.

घरच्या राजकारणाचीही सावली आहे. १९७९नंतरच्या सरकारनं सगळा दोष पॉल पॉटच्या टोळक्यावर टाकला. दीर्घकाळ पंतप्रधान राहिलेले हुन सेन १९७७ साली ख्मेर रूजमधूनच फुटून बाहेर पडले होते. २०२५ साली ख्मेर रूजचे गुन्हे नाकारणाऱ्यास पाच वर्षांपर्यंत कैदेची तरतूद करणारा कायदा झाला, आणि त्याच वर्षी तुओल स्लेंगसह तीन जागा युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत गेल्या. स्मृतीला राज्याचं संरक्षण मिळालं, याचं समाधान आहेच. पण राज्य जी स्मृती जपतं, ती ठरलेल्या चौकटीची असते. चौकटीबाहेरचा प्रश्न विचारायला कलाच लागते.

म्हणून मला नव्या पिढीकडून आशा वाटते, आणि ती पिढी नरसंहाराकडे थेट पाहत नाही, हे मला दूषण वाटत नाही. सोथो कुलिकार यांच्या ‘शेवटचं रीळ’मध्ये (२०१४) एका मुलीला आपली आई जुन्या काळची नटी होती हे कळतं. तिच्या चित्रपटाचं शेवटचं रीळ हरवलेलं असतं; मुलगी ते स्वतः चित्रित करायला निघते. आईच्या भूमिकेत सुवर्णकाळातल्या दी सवेत आहेत, त्यामुळे कथेला आपोआप साक्षीचं वजन येतं. दावी चू हे त्या काळातल्या एका निर्मात्याचे फ्रान्समध्ये वाढलेले नातू. त्यांच्या ‘सोनेरी झोप’मध्ये (२०११) हरवलेल्या चित्रपटांच्या कथा म्हातारे प्रेक्षक आणि कलावंत तोंडानं सांगतात, जुनी चित्रपटगृहं खानावळी आणि कराओके झालेली दिसतात. जुनी दृश्यं येतात ती अगदी शेवटी, एका पडक्या चित्रपटगृहाच्या विटांच्या भिंतीवर. तिथे आता संसार मांडलेली कुटुंबं राहतात. उंबरठ्यावर थांबण्याची पान्ह यांची शिस्त चू यांनी आनंदाच्या आठवणीला लावली.

काविच नियांग त्याहून पुढे जातात. नॉम पेन्हमधली १९६३ची ‘पांढरी इमारत’ ख्मेर रूजनंतर उरल्यासुरल्या कलावंतांचं घर बनली होती. काविच तिथेच वाढले. २०१७ साली ती पाडली गेली आणि जवळपास ५०० कुटुंबं हलली. ‘काल रात्री तू हसताना दिसलीस’ (२०१९) या माहितीपटात ते आपलंच घर बांधून नेलं जाताना टिपतात: भांडी, खाटा, दारं, भिंतीवरचे खिळे. नरसंहाराचा उल्लेख ओझरता येतो. पण शहर रिकामं होण्याची आठवण ज्यांच्या अंगात आहे, त्यांना पुन्हा सामान बांधताना पाहणं म्हणजे काय, हे सांगावं लागत नाही.

नॉम पेन्हमध्ये २००६ साली पान्ह आणि इयु पन्नाकार यांनी बोफाना केंद्र उभं केलं. नवऱ्याला लिहिलेल्या प्रेमपत्रांपायी जिच्यावर संशय आला आणि जी एस-२१मध्ये मारली गेली, त्या हूत बोफानाचं नाव त्याला दिलं आहे. देशाविषयीच्या जुन्या चित्रफिती आणि आवाज तिथे गोळा होतात, कुणीही येऊन फुकट पाहतं-ऐकतं, आणि तरुण मुलं कॅमेरा शिकतात. एस-२१मध्ये फोटो आणि जबाब बारकाईनं जपले जात, ते मारण्यासाठी. इथेही फोटो आणि जबाबच जपले जातात, पण पाहायला आलेला मुलगा त्यात आपल्या आजीची गल्ली शोधतो. सापडली तर थोडा वेळ थांबतो. नाही सापडली, तर शेजारच्या खोलीत कॅमेरा चालवायला शिकतो.