तासलेल्या टूथपिकची करामत

"चार्जिंग घेत नाही भाऊ, केबल वाकडी धरली तरच घेतो." कापूस वेचणीच्या दिवसांत देऊळगाव राजातल्या मोबाईल दुरुस्तीच्या काउंटरवर हे गाऱ्हाणं हमखास ऐकू येतं. बालाजीच्या यात्रेतली धूळ आणि खिशातली कापसाची तूस, दोन्ही जॅकमध्ये जाऊन बसलेली असतात. नवखा कारागीर लगेच जॅक बदलायला काढतो. मला रस आहे तो न बदलणाऱ्यात.

आधी तो फोन बंद करतो. मग टॉर्च तिरपा धरून आत डोकावतो, आणि यात घाई अजिबात नसते. टाइप-सीच्या तोंडाची उंची अडीच मिलिमीटरच्या आसपास. मधोमध एक पातळ जीभ, तिच्या वरच्या आणि खालच्या अंगाला 12-12 पट्ट्या, त्याही अर्ध्या अर्ध्या मिलिमीटरवर. इथे टाचणी घातली तर दोन पट्ट्या शॉर्ट व्हायच्या, नाहीतर जीभच मोडायची. म्हणून लाकडी टूथपिक. पण जीभ आणि भिंत यांच्यातली फट जेमतेम एक मिलिमीटर. तिथे अख्खी टूथपिक शिरत नाही. तो ब्लेडने तिचं टोक चपटं तासतो, बोटावर टेकवून बघतो, आणखी एक पापुद्रा काढतो. निम्मी कला या तासण्यातच आहे, असं माझं मत.

आत गेलेलं टोक जिभेच्या वाटेला जात नाही, भिंतीला धरून तळ गाठतं. कचरा तिथेच असतो, कारण दर वेळी केबल खोचताना आपणच तो आत रेटतो. दाबून दाबून त्याचा बुरणुसासारखा घट्ट थर झालेला असतो, त्यामुळे प्लग पुरता बसत नाही. उकरणारा हात हा थर विस्कटून टाकतो. जाणता हात कोपऱ्यातून त्याची कड उचलतो आणि सबंध थर बाहेर ओढतो: करडा, काळ्या मातीचा रंग चढलेला.

फुंकर मात्र तो मारत नाही. (रेडिओपासून आपली सगळी दुरुस्ती फुंकरीवर चालत आलेली!) तोंडातली वाफ त्याला आत नको असते. कोरडा मऊ ब्रश पुरतो. मळ चिकट असेल तर ब्रशला आयसोप्रोपिल अल्कोहोलचा नुसता ओलावा, आणि तो पुरता उडेपर्यंत चार्जरला हात नाही. पट्ट्या हिरव्या पडल्या असतील, तर मात्र तोही निमूट नवा जॅक काढतो.

मग केबल. ती 'टिक्' करून बसली नाही, तर स्क्रीनवर विजेची खूण आलेली असली तरी तो पुन्हा टॉर्च उचलतो.